हितसंबंधही कायमचे नसतात

परराष्ट्र धोरणाची चर्चा निघाली की एक वाक्य हमखास ऐकू येते : राष्ट्रांना कायमचे मित्र नसतात, कायमचे शत्रूही नसतात, कायम असतात ते फक्त हितसंबंध. या वाक्याचे मूळ ब्रिटनचे परराष्ट्रमंत्री लॉर्ड पामर्स्टन यांनी १ मार्च १८४८ रोजी ब्रिटिश संसदेत केलेल्या भाषणात आहे. वापरून वापरून ते आता इतके गुळगुळीत झाले आहे, की ते उच्चारले म्हणजे सर्व काही सांगून झाले असे बोलणाऱ्याला आणि ऐकणाऱ्यालाही वाटते. माझा आक्षेप त्याच्या पूर्वार्धाला नाही. मित्र बदलतात, शत्रू बदलतात, हे उघडच आहे. आक्षेप आहे तो उत्तरार्धाला. महासत्तेच्या धोरणात सर्वांत जास्त बदलते ते तिचे हितच. ते कशात आहे याची व्याख्या काही वर्षांनी कोणीतरी नव्याने लिहितो आणि मित्र-शत्रूंची यादी त्या व्याख्येच्या मागोमाग बदलते. म्हणून ‘अमेरिका आपले हित पाहते’ हे विधान खरे असले तरी त्यातून हाती काही लागत नाही. ते हित ठरवले कोणी, त्याचा खर्च कोणाच्या माथी पडला आणि तो खर्च सोसेनासा झाल्यावर काय घडले, हे विचारले तरच धोरण का बदलते याचा पत्ता लागतो.

‘सुपरपॉवर’ हा शब्द आजच्या अर्थाने रूढ केला तो विल्यम फॉक्स या अमेरिकन अभ्यासकाने, १९४४ साली. त्यांच्या यादीत तीन महासत्ता होत्या : अमेरिका, सोव्हिएत संघ आणि ब्रिटन. यातल्या तिसऱ्या नावाचे पुढे काय झाले हे पाहण्यासाठी फार लांब जावे लागत नाही. २१ फेब्रुवारी १९४७, शुक्रवारचा दिवस. अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री जॉर्ज मार्शल प्रिन्स्टन विद्यापीठातील भाषणासाठी वॉशिंग्टनबाहेर पडले होते आणि खात्याचा कारभार त्यांचे दुय्यम डीन ॲचेसन पाहत होते. त्या दिवशी ब्रिटिश वकिलातीकडून दोन टिपणे आली, एक ग्रीसविषयी आणि दुसरे तुर्कस्तानविषयी. मजकूर साधा होता. या दोन देशांना ब्रिटन देत असलेली मदत ३१ मार्चनंतर चालू ठेवणे ब्रिटनच्या तिजोरीला शक्य नव्हते. पूर्व भूमध्य समुद्रावर शंभर वर्षांहून अधिक काळ पहारा ठेवणाऱ्या साम्राज्याने जेमतेम सहा आठवड्यांची मुदत देऊन तो पहारा सोडत असल्याचे कळवले होते.

आदल्या दिवसापर्यंत ग्रीसमधले यादवी युद्ध हा अमेरिकेच्या दृष्टीने प्रामुख्याने ब्रिटनने सांभाळायचा मामला होता. पुढच्या तीन आठवड्यांत तो अमेरिकेच्या सुरक्षेचा प्रश्न झाला. या काळात ग्रीस नकाशावर जिथे होता तिथेच होता. डोंगरातले साम्यवादी बंडखोरही तेच होते आणि स्टालिनही तेच होते. बदलले ते एवढेच, की आजवर पैसे भरणाऱ्याने हात वर केले होते. २७ फेब्रुवारीला व्हाइट हाउसमध्ये काँग्रेसच्या प्रमुख नेत्यांपुढे हा विषय मांडला गेला. मार्शल यांचे निवेदन कोरडे झाले आणि ऐकणाऱ्यांचे प्रश्न खर्चाभोवतीच फिरत राहिले. तेव्हा ॲचेसन यांनी बोलण्याची परवानगी मागितली आणि पिंपातल्या एका नासक्या सफरचंदामुळे सगळी सफरचंदे नासतात, तसे ग्रीस गेला तर ती कीड इराणमार्गे पूर्वेकडे आणि इटली-फ्रान्समार्गे पश्चिमेकडे पसरेल, असे चित्र उभे केले. मिशिगनचे सिनेटर आर्थर व्हँडेनबर्ग यांनी त्यावर सांगितले, की हीच गोष्ट राष्ट्राध्यक्षांनी काँग्रेसपुढे आणि देशापुढे बोलून दाखवली तर आपला पाठिंबा राहील. हे व्हँडेनबर्ग महायुद्धापूर्वी जगाच्या भानगडीत पडू नये असे मानणाऱ्यांचे अग्रणी होते, आणि ही गोष्ट मला त्या बैठकीतल्या सफरचंदांहून अधिक महत्त्वाची वाटते.

१२ मार्चला राष्ट्राध्यक्ष हॅरी ट्रुमन काँग्रेसपुढे उभे राहिले. मागणी चाळीस कोटी डॉलरची होती. पण चाळीस कोटी मिळवण्यासाठी त्यांनी जे तत्त्व सांगितले ते चाळीस कोटींत मावणारे नव्हते. सशस्त्र अल्पसंख्याकांच्या किंवा बाहेरच्या दडपणाला विरोध करणाऱ्या स्वतंत्र जनतेच्या पाठीशी अमेरिका उभी राहील, असे ते वचन होते. त्याला भूगोलाची मर्यादा नव्हती आणि मुदतही नव्हती. परराष्ट्र धोरणाचा इतिहास वाचताना इकडे सहसा दुर्लक्ष होते. तत्त्व पुष्कळदा मंजुरी मिळवण्यासाठी मांडले जाते, मंजुरी मिळून जाते आणि तत्त्व मात्र मागे उरते. मग पुढच्या पिढीतले अधिकारी ते तत्त्व हेच आपले हित असल्याचे धरून चालतात आणि कधीकाळी ते एका खर्चाचे समर्थन म्हणून लिहिले गेले होते याचा त्यांना विसर पडतो.

या विसराचा सर्वांत मोठा साक्षीदार म्हणजे जॉर्ज केनन. २२ फेब्रुवारी १९४६ रोजी मॉस्कोतल्या अमेरिकन वकिलातीतून त्यांनी पाठवलेली लांबलचक तार आणि १९४७ च्या उन्हाळ्यात ‘एक्स’ या टोपणनावाने लिहिलेला लेख यांतून सोव्हिएत संघाला पायबंद घालण्याची कल्पना पुढे आली आणि पुढची चाळीस वर्षे ती अमेरिकेच्या धोरणाचा कणा झाली. पण ट्रुमन यांच्या भाषणाचा मसुदा पाहिल्यावर केनन स्वतः अस्वस्थ झाले होते. ग्रीसला मदत द्यावी हे त्यांना मान्य होते, जगभरच्या प्रत्येकाला दिलेले सरसकट वचन मान्य नव्हते. त्यांच्या मते पायबंद घालायचा होता तो मुख्यतः राजकीय आणि आर्थिक मार्गांनी. औद्योगिक ताकद असलेली जगात मोजकी केंद्रे आहेत, ती विरोधकाच्या हाती जाऊ नयेत एवढे पाहिले की पुरे, असा त्यांचा हिशेब होता. परराष्ट्र खात्यात त्यांच्या जागी आलेल्या पॉल नित्से यांच्या देखरेखीखाली १९५० च्या एप्रिलमध्ये जो गोपनीय दस्तऐवज तयार झाला, त्यात हा हिशेब बाजूला पडला. आता स्वातंत्र्याचा कुठेही झालेला पराभव हा सर्वत्र झालेला पराभव ठरला. ट्रुमन यांना त्याचा खर्च परवडेलसा वाटत नव्हता म्हणून कागद काही आठवडे तसाच पडून राहिला, आणि मग २५ जून १९५० रोजी उत्तर कोरियाच्या फौजा दक्षिणेत उतरल्या. पुढच्या तीन वर्षांत अमेरिकेचा संरक्षण खर्च तिपटीहून अधिक वाढला.

ज्याने कल्पना मांडली त्याच्या हातून ती निसटली आणि निसटल्यावर ती अधिक मोठी, अधिक महाग झाली. केनन यांना दीर्घायुष्य लाभले. नव्वदी ओलांडल्यावर, १९९७ च्या फेब्रुवारीत, नाटोचा पूर्वेकडे विस्तार ही शीतयुद्धोत्तर काळातील अमेरिकन धोरणाची सर्वांत घातक चूक ठरेल, असे त्यांनी जाहीरपणे लिहिले. त्यांचे ते मत बरोबर होते की नाही याबद्दल जाणकारांत आजही वाद आहे आणि मलाही त्याचे एकच उत्तर देता येत नाही. पूर्व युरोपातल्या देशांना नाटोत यायचे होते आणि त्यामागे त्यांचे स्वतःचे अनुभव होते, हे विसरून चालणार नाही. पण ज्या संघटनेत १९४९ साली १२ देश होते तिच्यात आज ३२ आहेत, आणि ज्या शत्रूसाठी ती उभारली गेली तो १९९१ मध्ये संपल्यावर तिचा बहुतेक विस्तार झाला. कायमस्वरूपी हित मानणाऱ्यांना हे कोडे सोडवणे अवघड जावे.

व्याख्या बदलण्याचा दुसरा, आणि माझ्या मते अधिक बोलका, दाखला चीनचा आहे. १९४९ पासून दोन दशके चीनला वाळीत टाकणे हे अमेरिकेचे हित होते. १९७१ नंतर सुमारे साडेचार दशके चीनला जवळ करणे हे तिचे हित झाले. आता त्याला रोखणे हे तिचे हित आहे. देश एकच, सत्ताधारी पक्ष एकच. पहिल्या वळणाचा प्रसंग तर नाटकात शोभावा असा आहे. जुलै १९७१ मध्ये राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार हेन्री किसिंजर पाकिस्तानच्या भेटीवर असताना त्यांचे पोट बिघडल्याचे जाहीर करण्यात आले आणि ते नाथिया गली या थंड हवेच्या ठिकाणी विश्रांती घेत असल्याचे सांगण्यात आले. प्रत्यक्षात ९ जुलैच्या पहाटे ते पाकिस्तानी विमानाने पेकिंगला निघाले होते. अमेरिकेच्या बहुतेक परराष्ट्र खात्याला याची कुणकुणही नव्हती. १५ जुलैला राष्ट्राध्यक्ष रिचर्ड निक्सन यांनी दूरचित्रवाणीवरून आपण चीनला जाणार असल्याचे सांगितले, तेव्हा जगाला ते कळले.

या दूरदृष्टीचे कौतुक पुष्कळ झाले आहे आणि त्यातले काही रास्तही आहे. १९६९ च्या मार्चमध्ये उसुरी नदीवर चिनी आणि सोव्हिएत सैनिक एकमेकांवर गोळ्या झाडत होते, त्या फटीत पाचर मारता येईल हे निक्सन-किसिंजर यांनी ओळखले. पण त्या दूरदर्शनाच्या भाषणानंतर बरोबर एका महिन्याने, १५ ऑगस्ट १९७१ रोजी, त्याच निक्सन यांनी त्याच माध्यमातून आणखी एक घोषणा केली : परदेशी सरकारांना ३५ डॉलरला एक औंस या दराने सोने देणे अमेरिका थांबवत आहे. व्हिएतनामच्या युद्धाने डॉलर पोखरला गेला होता. दोन्ही घोषणा पुस्तकांतून वेगवेगळ्या प्रकरणांत येतात, एक मुत्सद्देगिरीच्या आणि दुसरी अर्थकारणाच्या. त्या एकत्र वाचायला हव्यात. साऱ्या जगाला साम्यवादापासून वाचवण्याचा भार एकट्याने उचलणे झेपत नाही, हे कळलेल्या देशाच्या त्या दोन घोषणा होत्या.

त्या वळणाची किंमत तिसऱ्यानेच मोजली. चीनशी बोलणी पाकिस्तानचे लष्करशहा याह्या खान यांच्यामार्फत चालू होती आणि त्याच महिन्यांत पूर्व पाकिस्तानात त्यांचे सैन्य कत्तली करत होते. ढाक्यातील अमेरिकेचे वाणिज्यदूत आर्चर ब्लड यांनी ६ एप्रिल १९७१ रोजी आपल्या सहकाऱ्यांच्या सह्यांचा निषेध तारेने वॉशिंग्टनला कळवला आणि आपले सरकार नैतिक दिवाळखोर ठरत असल्याचे त्यात स्पष्ट शब्दांत म्हटले. ब्लड यांची ढाक्याहून उचलबांगडी झाली. ब्लड हेही अमेरिकन होते, शपथ घेतलेले अधिकारी होते आणि आपण अमेरिकेचे हितच सांगत आहोत अशी त्यांची समजूत होती. राष्ट्रहित ही एकच एक, सर्वांना दिसणारी वस्तू असती तर एकाच सरकारातले दोघे त्याच्या नावाने परस्परविरुद्ध सल्ला देते ना. त्या वर्षी हित काय हे निक्सन आणि किसिंजर या दोन माणसांनी ठरवले आणि डिसेंबरात अणुशक्तीवर चालणारी ‘एंटरप्राइज’ विमानवाहू नौका बंगालच्या उपसागराकडे निघाली. ज्याच्याविरुद्ध हे शक्तिप्रदर्शन होते त्या भारताशी अमेरिकेने २००८ मध्ये नागरी अणुकरार केला, २०१६ मध्ये त्याला प्रमुख संरक्षण भागीदार म्हटले आणि ऑगस्ट २०२५ मध्ये त्याच भागीदाराच्या मालावरचे आयातशुल्क रशियन तेलाचे कारण देऊन ५० टक्क्यांवर नेले. पामर्स्टन यांच्या वाक्यावर विसंबणाऱ्याने या तीन पायऱ्यांखाली असलेले कायम हित कोणते ते दाखवून द्यावे.

चीनचे दुसरे वळण संथ होते आणि त्यात एकही रोमहर्षक प्रसंग नाही, म्हणून ते नीट समजून घेतले जात नाही. २००० सालच्या मार्चमध्ये राष्ट्राध्यक्ष बिल क्लिंटन चीनशी कायमस्वरूपी सामान्य व्यापारसंबंध जोडावेत म्हणून प्रचार करत होते. इंटरनेटला आवर घालण्याचा चीनचा प्रयत्न म्हणजे जेली भिंतीला खिळ्याने ठोकण्यासारखे आहे, असा विनोद त्यांनी एका भाषणात केला आणि श्रोते हसले. मे महिन्यात प्रतिनिधीगृहाने २३७ विरुद्ध १९७ मतांनी ते विधेयक मंजूर केले आणि २००१ च्या डिसेंबरात चीन जागतिक व्यापार संघटनेत दाखल झाला. त्या वर्षी अमेरिकेची चीनशी वस्तुव्यापारातली तूट सुमारे ८३ अब्ज डॉलर होती, २०१८ मध्ये ती ४०० अब्जांच्या पुढे गेली. २००० मध्ये अमेरिकेत कारखान्यांत काम करणारे सुमारे १ कोटी ७३ लाख लोक होते, दहा वर्षांनी ते सुमारे १ कोटी १५ लाख उरले. ही सारी घट चीनमुळे झाली असे म्हणणे अप्रामाणिकपणाचे ठरेल, कारण यंत्रांनी माणसांची जागा घेतली होती आणि २००८ ची मंदीही मध्ये येऊन गेली होती. परंतु ज्या गावातला कारखाना बंद पडला तिथल्या मतदाराने अर्थशास्त्रज्ञांचा हा तपशील वाचला नाही. स्वस्त माल सर्वांना मिळाला आणि रोजगार काहींचाच गेला, पण ते काही जण निवडणुकीचा निकाल फिरवणाऱ्या राज्यांत राहत होते. इथेही १९४७ आणि १९७१ सारखेच घडले. हिताची जुनी व्याख्या कोणी वादात हरवली नाही. तिची किंमत मोजणाऱ्याने पुढे मोजायचे नाकारले.

त्यानंतर पक्ष कोणता हे फारसे महत्त्वाचे राहिले नाही. डोनाल्ड ट्रम्प यांनी २०१८ मध्ये चिनी मालावर शुल्क लादले. जो बायडेन यांनी सत्तेवर आल्यावर ते तसेच ठेवले, ऑक्टोबर २०२२ मध्ये प्रगत चिप चीनला विकण्यावर कडक निर्बंध घातले आणि २०२४ मध्ये चिनी विजेवरच्या मोटारींचे शुल्क १०० टक्क्यांवर नेले. निवडणुकीच्या सभांतून एकमेकांना देशबुडवे म्हणणारे दोन पक्ष या एका बाबतीत हातात हात घालून चालले. नवा राष्ट्राध्यक्ष आला की नवे धोरण येते, ही वृत्तवाहिन्यांवर चालणारी समजूत म्हणूनच मला पोरकट वाटते.

मात्र माणसांना काहीच महत्त्व नाही असे म्हणायला गेलो, तर इराक आडवा येतो. मार्च २००३ मध्ये इराकवर चालून जाण्याची कोणतीही गरज अमेरिकेच्या तिजोरीने, मतदाराने किंवा मित्रराष्ट्राने निर्माण केलेली नव्हती. ते युद्ध जॉर्ज बुश आणि त्यांच्या भोवतालच्या मोजक्या मंडळींनी निवडले. हा माझ्या विवेचनातला अपवाद आहे हे मी मान्य करतो, फक्त त्याला एक पुस्ती जोडतो. आत शिरण्याचा निर्णय एका माणसाला घेता येतो, बाहेर पडण्याचा सहसा नाही. अफगाणिस्तानात अमेरिका २००१ मध्ये गेली. निघण्याची भाषा ओबामांनी केली, तालिबानशी करार २९ फेब्रुवारी २०२० रोजी दोहा येथे ट्रम्प यांच्या सरकारने केला आणि शेवटचा सैनिक ३० ऑगस्ट २०२१ च्या रात्री बायडेन यांच्या काळात विमानात चढला. शिरायला काही आठवडे, निघायला चार राष्ट्राध्यक्ष आणि जवळपास वीस वर्षे.

याचे एक कारण असे, की महासत्तेचे जुने धोरण मरत नाही, ते कायद्यांच्या रूपाने साचून राहते. ज्यू नागरिकांना देशाबाहेर जाऊ न देणाऱ्या सोव्हिएत संघाला धडा शिकवण्यासाठी काँग्रेसने १९७४ मध्ये व्यापार कायद्यात जॅक्सन-व्हॅनिक दुरुस्ती घातली. बंदी उठली, लाखो लोक निघून गेले, सोव्हिएत संघच नाहीसा झाला, तरी ती दुरुस्ती रशियाला २०१२ च्या डिसेंबरपर्यंत लागू होती. ११ सप्टेंबर २००१ च्या हल्ल्यानंतर तीन दिवसांत काँग्रेसने लष्करी बळाच्या वापराला मंजुरी देणारा छोटासा ठराव केला. प्रतिनिधीगृहात ४२० विरुद्ध १ असे मतदान झाले आणि ते एक मत कॅलिफोर्नियाच्या बार्बरा ली यांचे होते. हल्ला करणाऱ्यांविरुद्ध केलेला तो ठराव २०१४ मध्ये ‘इस्लामिक स्टेट’विरुद्ध वापरला गेला. ही संघटना हल्ल्याच्या वेळी त्या नावाने अस्तित्वातच नव्हती. म्हणून महासत्ता उद्या काय करील याचा अंदाज बांधताना मी तिच्या नेत्याच्या ताज्या भाषणापेक्षा रद्द न झालेले कायदे, बंद न झालेले लष्करी तळ आणि अर्थसंकल्पातले आकडे आधी पाहावेत असे म्हणेन.

शब्दांचेही तसेच आहे. २ डिसेंबर १८२३ रोजी राष्ट्राध्यक्ष जेम्स मन्रो यांनी काँग्रेसला पाठवलेल्या वार्षिक संदेशात युरोपीय सत्तांनी अमेरिका खंडांत नव्या वसाहती करू नयेत असे म्हटले होते. त्यातल्या धोरणाचे खरे शिल्पकार परराष्ट्रमंत्री जॉन क्विन्सी ॲडम्स होते. अमेरिका राक्षस मारण्यासाठी परमुलखात हिंडत नाही, असे १८२१ च्या ४ जुलैला बजावणारेही तेच. संदेश लिहिला गेला तेव्हा तो बजावण्याइतके आरमार अमेरिकेकडे नव्हते. युरोपीय राजांना अटलांटिक ओलांडण्यापासून थोपवले ते बहुतांशी ब्रिटिश नौदलाने. १९०४ मध्ये थिओडोर रूझवेल्ट यांनी त्याला पुरवणी जोडली आणि ‘युरोपने येऊ नये’ या वाक्याचा अर्थ ‘आम्ही जाऊ’ असा केला. त्या अर्थाच्या छायेत अमेरिकन मरीन १९१५ मध्ये हैतीत उतरले आणि १९ वर्षे राहिले. फ्रँकलिन रूझवेल्ट यांनी चांगल्या शेजाऱ्याचे धोरण जाहीर करून १९३४ मध्ये ते परत आणले, तरी मन्रो यांचा संदेश मागे घेण्याची गरज कोणाला वाटली नाही. तो अर्थ बदलून वापरता येत होता.

नोव्हेंबर २०१३ मध्ये परराष्ट्रमंत्री जॉन केरी यांनी वॉशिंग्टनमध्ये, अमेरिकी राष्ट्रांच्या संघटनेच्या सभागृहात, मन्रो सिद्धान्ताचे युग संपल्याचे जाहीर केले. श्रोत्यांनी टाळ्या वाजवल्या आणि यावर टाळ्या वाजवायलाच हव्यात, असे केरी स्वतःही म्हणाले. बारा वर्षांनी, डिसेंबर २०२५ मध्ये, प्रसिद्ध झालेल्या राष्ट्रीय सुरक्षा धोरणात मन्रो यांचे नाव पुन्हा अवतरले, आणि या वेळी त्याला जोडलेल्या पुरवणीवर ट्रम्प यांचे नाव होते.